लेकीच्या लग्नाआधी केसांना परत कलर करायचा का?

लग्न मार्गशीर्षातलं आहे, हॉल सांगलीत, पत्रिका वाटून होत आल्यात, साड्यांना फॉल-पिको झालं, ब्लाउज दोनदा उसवून एकदाचे अंगाला बसले, आणि या सगळ्यात एकच गोष्ट राहिलीये जी कुठल्याच यादीत नाहीये ती म्हणजे माझे केस. भांगात बोटभर पांढरं दिसतंय, कानशिलांपाशी तर त्याहून जास्त, आणि खाली लांबीला जुना ब्राउन आहे जो आता उडून तांबूस झालाय. लग्नाच्या घाईत पार्लरला जाणं मागे पडत गेलं त्यामुळे हे असं झालंय आणि आता ठरवायला थोडेच दिवस आहेत.

घरात विचारलं तर प्रत्येकाचं वेगळं. हे म्हणाले, मला तर काही दिसतच नाहीये, आहे तशी छान आहेस. लेक म्हणाली आई अर्धवट काही करू नकोस, सगळेच केस कर, ग्लोबल कर, थोडा बर्गंडी टच घे, तुझ्या जांभळ्या पैठणीवर भारी दिसेल. माझी मोठी बहीण म्हणाली की आता काय वय राहिलंय का, जावई येतोय घरात, पांढरे शोभतात. आणि सासूबाई, ज्यांनी आयुष्यात केसाला खोबरेल तेलाशिवाय काही लावलं नाही, त्या म्हणाल्या लाव की गं, लेकीचं लग्न काय रोज असतं का. सासूबाईंचं ऐकून खरं सांगते खूप बरं वाटलं.

पण हे कुणाच्या हो-नाहीवर सोडायचं नाही असं मी ठरवलंय, कारण लग्नाच्या चार दिवसांत ते केस घेऊन मला वावरायचंय. म्हणून नीट बसून विचार केला, आमच्या पार्लरवालीशी बोलले, थोडं वाचलं, आणि जे कळलं ते इथे लिहितेय. माझ्यासारख्या खूप जणी असतील, मुलीच्या नाहीतर मुलाच्या लग्नाच्या कामात असतील आणि केसांचा विषय "बघू नंतर" म्हणून शेवटच्या दोन दिवसांवर ढकलत असतील. माझं सगळं म्हणणं त्या दोन दिवसांबद्दलच आहे.

आधी हे सांगते की हा प्रश्न आपल्या आयांना पडायचाच नाही. माझं लग्न १९९४ चं, त्यातल्या अल्बममध्ये आई प्रत्येक फोटोत डोक्यावरून पदर घेतलेली आहे. तिचे केस तेव्हा किती पांढरे होते हे मला फोटो बघून सांगताच येत नाही. वरमाय काय वधूमाय काय, दोघींच्या डोक्यावर पदर, कपाळावर मळवट, बास. आता मुलीच्या आईलापण हेअर स्टायलिस्ट येते, अंबाडा घालते, पुढून पफ काढते, बाजूला चापूनचोपून बसवते, आणि अंबाडा घातला की केस सगळे मागे ओढले जातात त्यामुळे कानशिलं आणि कपाळावरची केसांची कड पूर्ण उघडी पडते. मोकळ्या केसांत जे पांढरे लपतात ते अंबाड्यात सगळ्यात पुढे येतात. गजरा मागे असतो, पुढचं काही झाकत नाही.

आणि मग कन्यादान. मी भाचीच्या लग्नाचा व्हिडिओ परत बघितला या नजरेने. मुलीचे वडील, मुलगी आणि जावई यांचे हात एकावर एक, आणि आई वरून पाण्याची धार धरते, मान खाली, नजर धारेवर, गुरुजींचा मंत्र संपेपर्यंत ती तशीच. कॅमेरावाला स्टुलावर चढून वरून शूट करतो, त्याच्या हातात एलईडी लाइट. त्या सगळ्या वेळात स्क्रीनवर काय दिसतं तर वहिनीचा भांग. चेहरा दिसतच नाही. अख्ख्या लग्नातला सगळ्यात महत्त्वाचा क्षण, जो पुढे पन्नास वेळा बघितला जाणार, त्यात आईचा फक्त भांग दिसतो. हे बघितल्यावर मला कळलं की मला नक्की काय खटकतंय. मला पांढऱ्या केसांचं वावडं नाहीये. ती जी रेघ असते ना, अर्ध्यात तुटलेली, वर पांढरं आणि खाली तांबूस, ती मला त्या क्षणी नकोय. एक तर सगळे पांढरे असावेत नाहीतर सगळे सारखे.

सगळे पांढरे होऊ द्यायचे म्हटलं तर त्याला वेळ लागतो आणि तो वेळ आता नाहीये. केस महिन्याला साधारण एक सेंटिमीटर, फार तर सव्वा, एवढेच वाढतात. माझे केस खांद्याच्या खाली आहेत म्हणजे जुना कलर पूर्ण निघायला दोन-तीन वर्षं तरी, किंवा मग एकदम बॉयकट. आमच्या विहीणबाईंनी ते केलंय. २०२० च्या लॉकडाऊनमध्ये पार्लरं बंद होती तेव्हा त्यांनी कलर सोडला तो सोडलाच, मग केस अगदी बारीक कापले आणि हळूहळू वाढवले, आता त्यांचा मानेपर्यंतचा चंदेरी बॉब आहे आणि त्या इतक्या देखण्या दिसतात की साखरपुड्यात माझ्या दोन मैत्रिणींनी येऊन त्यांना विचारलं कसं केलंत. मी पण बोलले त्यांच्याशी याबद्दल फोनवर. मला वाटत होतं की फोटोत आम्ही दोघी शेजारी उभ्या राहणार, त्या पांढऱ्या आणि मी रंगवलेली, तर ते कसं दिसेल. त्या म्हणाल्या, अहो मला ते करायला दीड वर्ष लागलं आणि त्यातलं निम्मं वर्ष मी डोक्याला रुमाल बांधून फिरले, तुम्ही आत्ता लेकीचं लग्न एन्जॉय करा, सोडायचा असेल तर नंतर सोडा. मला त्यांचं फार आवडलं. लेक चांगल्या घरात चाललीये हे अशा छोट्या बोलण्यातून कळतं.

तर कलर करायचा हे ठरलं. खरी डोकेफोड पुढे आहे, कधी करायचा आणि किती करायचा.

कधी, याचं उत्तर माझ्या चुलत नणंदेमुळे मला अगदी पक्कं माहितीये. त्यांच्या मुलाच्या लग्नात त्यांनी हळदीच्या आदल्या दिवशी घरीच कलर लावला, वर्षानुवर्षं लावत होत्या तोच, काही नवीन नव्हतं. त्या दिवशी काही झालं नाही. दुसऱ्या दिवशी कानाच्या मागे खाज, कपाळाच्या कडेला लाल, आणि लग्नाच्या दिवशी सकाळी उठल्या तर दोन्ही पापण्या सुजून डोळे मिटलेले, कानाच्या पाळीतून पाणी येतंय. डॉक्टरकडून इंजेक्शन घेऊन त्या मांडवात बसल्या. मुलाच्या लग्नाचा एकही फोटो त्या आजही बघत नाहीत.

ते असं का होतं हे मी नंतर त्वचेच्या डॉक्टरांना विचारलं होतं. पक्क्या हेअर कलरमध्ये, विशेषतः गडद शेडमध्ये, बहुतेक वेळा पीपीडी नावाचं द्रव्य असतं, पॅराफेनिलिनडायमिन, किंवा त्याचाच भाऊबंद. ते सुरुवातीला बिनरंगाचं आणि बारीक असतं, केसाच्या आत शिरतं, मग कलरमध्ये मिसळतात त्या डेव्हलपरमधल्या पेरॉक्साइडशी मिळून आतल्या आत मोठं होतं आणि रंग धरतं, मोठं झाल्यामुळे धुतलं तरी बाहेर निघत नाही, म्हणून तो कलर टिकतो. पण काही लोकांच्या शरीराला त्याची ॲलर्जी होते आणि ती पहिल्याच वेळेला होईल असं नाही, दहा वर्षं वापरून अकराव्या वर्षी पण होऊ शकते. आणि एकदा झाली की ती सहसा जात नाही. अमेरिकेतल्या त्वचारोगतज्ज्ञांच्या एका संघटनेने २००६ साली पीपीडीला त्या वर्षीचा ॲलर्जन म्हणून जाहीर केलं होतं, म्हणजे डॉक्टर लोक याकडे किती गंभीरपणे बघतात ते लक्षात घ्या. युरोपमध्ये तर डोक्याला लावताना मिश्रणात ते २ टक्क्यांच्या वर असू नये असा नियमच आहे.

आता यातली लग्नघराच्या दृष्टीने सगळ्यात महत्त्वाची गोष्ट. ही ॲलर्जी लगेच दिसत नाही. ती एक ते तीन दिवसांनी वर येते. म्हणजे लग्नाच्या दोन दिवस आधी कलर लावला आणि त्रास व्हायचाच असेल तर तो बरोब्बर मुहूर्ताच्या दिवशी होणार. आणि आपण सगळ्या जणी नेमक्या तेव्हाच लावतो ना, कारण "ताजा राहील", कारण तोवर वेळ मिळत नाही. घरच्या बाईचं स्वतःचं काम नेहमी शेवटी. हॉलवाल्याला चार वेळा फोन, केटररला मेनू पाठ, सगळ्यांचे आहेर लेबल लावून तयार, आणि स्वतःचा कलर रात्री साडेअकराला बाथरूममध्ये जुना गाउन घालून. हे बदलायला पाहिजे असं मला मनापासून वाटतं.

म्हणून मी आठवडा ते दहा दिवस आधीची तारीख धरलीये. तेवढ्या दिवसांत केस वाढून वाढून तीन-चार मिलिमीटर वाढतील, ते कॅमेऱ्यात रेघ म्हणून दिसत नाही. कपाळावर, कानावर लागलेले डाग निघून जातात. कलर पहिल्या दिवशी जरा जास्तच काळा, टोपासारखा दिसतो, तो दोन धुण्यांत बसतो आणि खरा वाटायला लागतो. कानशिलांचे पांढरे केस जरा हट्टी असतात, त्यांच्यावर रंग लवकर चढत नाही, तर तिथे काही राहून गेलंच तर परत लावून घ्यायला वेळ आहे. आणि देव न करो पण खाज-सूज काही आलीच तर डॉक्टर गाठून उतरायला पण वेळ आहे.

अजून एक जे मी कुठेच लिहिलेलं बघितलं नाही. आपल्या लग्नात डोक्यावरून अंघोळी किती होतात बघा. ग्रहमखाच्या सकाळी एक, हळद झाल्यावर एक कारण नाहीतर पिवळंच राहतं सगळं, आणि लग्नाच्या पहाटे एक. तीन दिवसांत तीन वेळा तरी शाम्पू. कलर केल्यावर पहिले दोन-तीन दिवस डोकं धुवायचं नाही असं पार्लरवाली सांगते, ते हळदीच्या आदल्या दिवशी कलर केला तर जमणारच नाही. म्हणून पण आधीची तारीख. सल्फेट नसलेला शाम्पू मी सोबत सांगलीला घेऊन जाणारे, हॉलच्या खोल्यांत मिळतात त्या पुड्या वापरणार नाही. आणि कडक गरम पाणी डोक्यावर नाही, कोमट.

हळदीचं तर वेगळंच आहे. हळद सांगलीची, म्हणजे सांगायलाच नको. राजापुरी हळदीचा मोठा बाजार तिथला, २०१८ ला जीआय म्हणजे भौगोलिक मानांकन पण मिळालंय सांगलीच्या हळदीला, आणि आमच्याकडे हळद विकतच्या पाकिटातली आणत नाहीत, दिरांच्या ओळखीच्या अडत्याकडून हळकुंडं आणून दळतात. तो रंग हाताला लागला की दोन दिवस जात नाही. पूर्वी हळद मुलाची उष्टी मुलीकडे यायची, पाच सवाष्णी आंब्याच्या पानाने लावायच्या आणि संपलं. आता हळद म्हणजे एकमेकांना फासायचा कार्यक्रम झालाय आणि पोरं डोक्यापर्यंत जातात. पांढऱ्या केसाला हळद लागली की तो चक्क पिवळा दिसतो, आणि वरचेवर कलर केलेला केस कोरडा, सच्छिद्र असतो त्यामुळे तोही रंग पटकन ओढतो. सुदैवाने हळदीचा रंग कच्चा, उन्हाने आणि साबणाने उडतो, पण दुसऱ्या दिवशी मुहूर्त असताना उन्हात बसायला वेळ कुणाला आहे. मी तर हळदीच्या दिवशी घट्ट वेणी घालून भांगाला आणि कपाळाच्या कडेला आधीच खोबरेल तेल लावून ठेवणार आहे, तेल असलं की हळद आत बसत नाही, पुसली जाते.

मेंदीवालीबद्दल पण एक सांगून ठेवते कारण त्याचा याच्याशी संबंध आहे. लवकर आणि काळी रंगते म्हणून जे कोन विकतात त्यात बरेचदा हेच पीपीडी घातलेलं असतं. खरी मेंदी काळी नसते हो. ती आधी केशरी येते आणि एक-दोन दिवसांत गडद होत जाते, काही तास हातावर ठेवावीच लागते. अर्ध्या तासात काळाकुट्ट रंग आला तर समजायचं की आत दुसरं काहीतरी आहे. आणि अशा कोनाने एकदा हाताला पुरळ आलं की तिथून पुढे केसांचा कलर पण त्रास देऊ शकतो, कायमचा. मी लेकीला आणि तिच्या सगळ्या मैत्रिणींना सांगून ठेवलंय, मेंदीवालीला कोन स्वतः भिजवून आणायला सांगितलेत. केसांना लावायच्या "काळी मेंदी" पावडरींचं पण तेच, नावात मेंदी आहे म्हणून ती झाडाचीच आहे असं नसतं, पाकिटामागे बारीक अक्षरात वाचायचं.

आता किती करायचा, हा दुसरा प्रश्न. लेक म्हणते तसं ग्लोबल करू का नुसती मुळं. ग्लोबल म्हणजे मुळापासून टोकापर्यंत सगळा नवीन शेड. आमच्या पार्लरमध्ये रूट टच-अपला १५०० च्या आसपास घेतात आणि ग्लोबलला लांबीप्रमाणे चार-पाच हजार होतात. पैशाचं बाजूला ठेवलं, कारण लग्नाच्या खर्चात ते कुठे दिसतही नाही, तरी मला ग्लोबल नकोय. एक तर कलर कलरला उजळवत नाही. माझ्या लांबीवर आधीच चार नंबरचा ब्राउन बसलेला आहे, त्यावर बर्गंडी लावला तर मुळाशी पांढऱ्या केसांवर भडक लाल उठेल आणि खाली नुसती लालसर झाक. म्हणजे परत दोन रंग. सारखं करायचं तर आधी खालचा काढावा लागेल, म्हणजे ब्लीच, आणि ते प्रकरण दीड-दोन महिने आधी सुरू करायला पाहिजे होतं, आत्ता लग्नाच्या तोंडावर नाही. दुसरं म्हणजे लाल छटा सगळ्यात लवकर उडतात. आणि तिसरं, जे लेकीला मी हळूच सांगितलं, की त्या दिवशी सगळे तुझ्याकडे बघणारेत, आणि मी तुला तुझी नेहमीची आई दिसायला पाहिजे, पाठवणीच्या वेळी तू मागे वळून बघशील तेव्हा. त्यावर ती काही बोलली नाही, आणि बर्गंडीचा विषय नंतर निघाला नाही.

तर फक्त मुळं, आणि नेहमीचाच शेड. पार्लरवालीने बरोबर सांगितलं की दर वेळी टोकापर्यंत ओढू नका, टोकांवर थरावर थर चढून ती काळी आणि झाडूसारखी होतात. मुळांना पूर्ण वेळ ठेवायचं, कानशिलांना सगळ्यात आधी लावून सगळ्यात शेवटी धुवायचं, आणि लांबीला तो जो तांबूसपणा आलाय त्यासाठी ती वेगळा ग्लॉस लावणार आहे, अमोनिया नसलेला, हलका, जो काही आठवड्यांत आपोआप उतरतो. त्याने टोकं मुळांशी जुळतील आणि चमक येईल. हे मला एकदम पटलं. डेव्हलपर २० व्हॉल्यूमचा, म्हणजे ६ टक्के पेरॉक्साइड, पांढरे झाकायला तेवढा बास होतो, त्याहून कडक लावायची गरज नाही. मी तिला एकदम काळा नको असंही सांगितलंय. पन्नाशीनंतर चेहऱ्याची त्वचा पण थोडी फिकी झालेली असते, त्यावर एक नंबरचा काळा लावला की चेहरा ओढल्यासारखा दिसतो, आणि मंडपातल्या पिवळ्या लाइटमध्ये तर विग घातल्यासारखा.

अमोनिया-फ्री बद्दल पण खूप गैरसमज आहे. अमोनिया-फ्री म्हणजे वास येत नाही, डोळे चुरचुरत नाहीत, एवढंच. त्यात अमोनियाच्या जागी दुसरं काहीतरी, बहुतेक वेळा मोनोइथेनॉलमाइन असतं, आणि पीपीडी किंवा त्याचा भाऊबंद असू शकतोच. माझी मैत्रीण अमोनिया-फ्री आहे म्हणून पॅच टेस्ट, म्हणजे आधी त्वचेवर थोडासा लावून बघणं, ते न करता लावते, तिला मी परवाच फोन करून सांगितलं की बाई त्याचा ॲलर्जीशी काही संबंध नाही.

ह्यांच्या मिशीचं पण सांगते कारण बायकांचंच होतं असं नाही. लग्न ठरल्यापासून त्यांच्या मित्रांनी सुचवलंय की मिशी तेवढी काळी करा. कल्ले पांढरे, वर मागे पांढरे आणि मधे काळीभोर मिशी, मला ते बघवणार नाही आणि मी तसं स्पष्ट बोलले. शिवाय ओठाच्या वरची त्वचा नाजूक, नाकाशी वास, तिथे रिॲक्शन आली तर बोलणं-खाणं अवघड. त्यांचे पांढरे कल्ले मला फार आवडतात, ते तसेच राहणार.

मग काही जण म्हणतील एवढं कशाला, तो स्प्रे मिळतो नाहीतर काडी मिळते, रूट टच-अपची, लग्नाच्या दिवशी फिरवायची आणि संपलं. मी आणून बघितली. तासाभराच्या कार्यक्रमाला ठीक आहे. पण आपलं लग्न पहाटे पाचला सुरू होतं आणि रात्री रिसेप्शनला संपतं, मधे होमाचा धूर, घाम, अक्षता डोक्यावर, प्रत्येक जण येऊन डोक्याला हात लावणार, पाया पडताना वाकणार. काडीचा रंग भिजला की उतरतो. गजरा आपण ओल्या फडक्यात गुंडाळून ठेवतो आणि तसाच ओला माळतो, मोगऱ्याच्या पांढऱ्या कळ्यांना ब्राउन लागलेलं मी बघितलंय एका रिसेप्शनला, आणि त्या बाईंच्या ब्लाउजच्या गळ्याला मागून डाग होता. म्हणून ती काडी मी पर्समध्ये ठेवणार पण कानशिलाला एखादा राहिलेला केस असेल तर तेवढ्यापुरती. पावडरवाली त्यातल्या त्यात बरी, कोरड्या केसावर ब्रशने दाबून लावायची, घासायची नाही.

सासूबाईंचा अजून एक नियम आहे तोही वेळापत्रकात बसवावा लागला. आमच्याकडे देवक बसलं की केस-नखं कापत नाहीत. म्हणजे टोकं ट्रिम करायची तर त्याच्या आधी. तेही त्याच दिवशी पार्लरमध्ये उरकणार, आधी ट्रिम, मग कलर, कारण जी टोकं कापायचीत त्यांच्यावर ग्लॉस कशाला वाया घालवायचा. स्मूदनिंग-केराटिन, म्हणजे केस सरळ-गुळगुळीत करायचे प्रकार, काही नको म्हणून सांगितलंय, पार्लरवालीने पॅकेजमध्ये धरलं होतं, पण त्याने आत्ताच लावलेला कलर उतरतो किंवा शेड बदलतो, आणि अंबाडाच घालायचाय तर सरळ केसांचा उपयोग काय. उलट अगदी गुळगुळीत केसात पिना टिकत नाहीत.

कलरच्या आदल्या दिवशी डोकं धुवायचं नाही, टाळूवर स्वतःचं तेल असलेलं बरं, चुरचुर कमी होते. खाजवून ओरखडे असतील, फोड असेल तर लावायचाच नाही, तारीख पुढे ढकलायची. आणि कपाळाच्या कडेला, कानांवर व्हॅसलीन. पार्लरवाल्या घाईत कान विसरतात, आपण आठवण करायची.

मोठी बहीण अजूनही म्हणतेय की पांढरे शोभतात. तिचे शोभतात, खरंच, तिने कधी लावलाच नाही त्यामुळे तिचे एकसारखे मिठासारखे आहेत. मी तिला म्हटलं की मला तुझे केस आवडतात पण मला त्या दिवशी कन्यादानाची धार धरताना माझ्या भांगाचा विचार मनात यायला नकोय, मला फक्त लेकीच्या हाताकडे बघायचंय. ती म्हणाली मग लाव. आणि म्हणाली मी येते तुझ्याबरोबर पार्लरला, तेवढाच आपला दोघींचा वेळ, लग्नात कुठे बोलणं होणारे.

अपॉइंटमेंट सकाळची घेतलीये, पार्लर रिकामं असतं तेव्हा. पॅच टेस्टला त्याच शेडची ट्यूब पार्लरवालीने थोडी डबीत दिली, दर वेळी तोच कलर असला तरी दर वेळी करायचीच असं तिनेच बजावलं म्हणून मला ती आवडते. पाकिटावर लिहिलंय तसं काल रात्री कानामागे थोडंसं लावलंय, ४८ तास बघायचं असतं, म्हणजे उद्या रात्रीपर्यंत. आत्तापर्यंत खाज नाही, लाल नाही. उद्या रात्रीही तसंच राहिलं तर बहिणीला घेऊन जाणार. आणि काही उठलंच तर अपॉइंटमेंट रद्द, भांग बाजूला काढून पावडर लावायची, आणि मी हेअर स्टायलिस्टला तसा अंबाडा विचारून ठेवलाय ज्यात भांग मधोमध येत नाही.